ख्रिस्ती विचारातलं ‘अलौकिक’: हा शब्द नेमका कशासाठी होता?

वाचनकट्टा_धरमपेठ (प्रश्न)

नमस्कार मंडळी. आमच्या धरमपेठेतल्या अभ्यासगटात पुढच्या महिन्यात ‘ख्रिस्ती विचारातील अलौकिक’ यावर तीन संध्याकाळ बोलायचं आहे, प्रत्येकी पाऊण तास. समोर चर्चला जाणारे असतील, अंधश्रद्धाविरोधी कार्यकर्ते असतील आणि दोन-तीन निवृत्त प्राध्यापकही. म्हणजे ढिसाळपणा खपणार नाही.

कच्चा आराखडा असा: बायबलमधले चमत्कार, मग मध्ययुगातली भाबडी श्रद्धा, मग ह्यूम (चमत्कारांवर टीका करणारा अठराव्या शतकातला स्कॉटिश तत्त्वज्ञ), मग विज्ञान. व्याख्या धरलीय ती ‘निसर्गनियम मोडणारी घटना म्हणजे चमत्कार’. विचारायचं आहे ते हे: ही व्याख्या किती जुनी? ‘सुपरनॅचरल’ला अलौकिक, अतिनैसर्गिक, दैवी, अद्भुत यांतलं काय घ्यावं? चर्च एखादा चमत्कार तपासतं तेव्हा प्रत्यक्ष कोण बसतं, काय विचारतं, मतं किती लागतात? आणि कोणती अवतरणं सांगितली की फजिती होते?

लॅटिनचा_नाद

आराखडा पहिल्याच पायरीवर घसरतोय, म्हणून आधी ती.

बायबलमध्ये ‘सुपरनॅचरल’ला शब्दच नाही. प्रेषितांची कृत्ये २:२२ उघडा. मराठी बायबलमध्ये ‘महत्कृत्ये, अद्भुते व चिन्हे’ असे तीन शब्द एका ओळीत सापडतील. मूळ ग्रीक दुनामेइस, तेराता, सेमेइआ. योहानाच्या शुभवर्तमानाचा आवडता शब्द ‘चिन्ह’. चिन्ह कशाकडे तरी बोट दाखवतं. त्यानं कोणता नियम मोडला असं तिथं कोणी विचारत नाही, कारण आपल्या नियमांनी आपोआप चालणारा निसर्ग ही कल्पनाच त्या लेखकांसमोर नाही.

उत्तर आफ्रिकेतल्या हिप्पोचा बिशप ऑगस्टीन (३५४–४३०) ‘देवाचे नगर’ या ग्रंथाच्या २१व्या भागाच्या ८व्या प्रकरणात म्हणतो की अचाट घटना निसर्गाविरुद्ध नसते, आपल्याला ठाऊक असलेल्या निसर्गाविरुद्ध असते. पाच भाकरींत पाच हजार लोक जेवले याचं लोकांना नवल वाटतं. मूठभर दाण्यांतून शेतं पिकतात त्याचं वाटत नाही, कारण ते रोजचं झालं, असंही त्यानं एका प्रवचनात म्हटलंय. मात्र त्याला आजच्या अर्थानं विवेकवादी ठरवू नका. त्याच ग्रंथाच्या २२व्या भागात, पुन्हा ८व्याच प्रकरणात, तो हिप्पो शहरात लोक बरे झाल्याच्या घटना सांगत सुटतो आणि दोन वर्षांच्या आत जवळपास ७० लेखी निवेदनं जमल्याची नोंद करतो. पहिलं वाक्य सांगून दुसरं प्रकरण गाळणं ही वक्त्यांची नेहमीची चलाखी.

आता शब्द. इ.स. ५००च्या सुमारास दिओनिसियस हे बायबलमधलं नाव घेऊन लिहिणारा एक अनामिक ग्रीक लेखक ‘हुपेरफुएस’ वापरतो, म्हणजे निसर्गाच्या वरचं. नवव्या शतकात एरियुगेना हा आयरिश पंडित त्याचं लॅटिन करतो आणि ‘सुपरनातुरालिस’ हे विशेषण धर्मशास्त्रात शिरतं. पण त्याला धार येते ती पॅरिसमध्ये, १२२०च्या दशकात. फिलिप द चान्सलर नावाच्या पंडिताला एक गाठ सोडवायची होती: माणूस स्वभावतः देवावर प्रेम करू शकतो की त्यासाठी कृपाच, म्हणजे देवानं आपणहून दिलेलं दान, लागते? त्यानं दोन श्रेणी मांडल्या. बुद्धी आणि स्वाभाविक प्रेम निसर्गाच्या श्रेणीत. श्रद्धा, कृपा आणि कृपेतून येणारी प्रीती त्याच्या वरच्या श्रेणीत. म्हणजे या शब्दाचं मूळ घर कृपेच्या चर्चेत आहे. भूत, देवचार, हवेत तरंगणारे साधू यांच्याशी त्याचा तेव्हा काडीचा संबंध नव्हता.

टॉमस अक्वायनस (मृत्यू १२७४) हा धर्मपंडित पुढचं काम करतो. ‘सुम्मा’ या त्याच्या मोठ्या ग्रंथाच्या पहिल्या भागातला १०५वा प्रश्न, कलम ६ ते ८, एवढं वाचलंत तरी तुमची पहिली संध्याकाळ उभी राहते. त्याच्या मते चमत्काराला तीन अटी: सगळ्या निर्मित निसर्गाच्या नेहमीच्या क्रमाबाहेरची घटना हवी, करणारा देवच हवा, आणि कारण सगळ्यांपासूनच लपलेलं हवं. सूर्यग्रहण खेडुताला नवल वाटतं, ज्योतिर्विदाला नाही. म्हणून ते चमत्कार नाही. मग तो पायऱ्या लावतो. निसर्गाला कधीच न जमणारं, जसं सूर्य मागे फिरणं, ते सर्वांत वर. निसर्गाला जमतं पण त्या ठिकाणी नाही, ते मधलं: निसर्ग जीव देतो, पण प्रेताला नाही. निसर्गाला जमतंच पण त्या रीतीनं नाही, ते खालचं: ताप उतरतोच, पण एका क्षणात उतरला.

इथं दोन गोष्टी फळ्यावर लिहाच. विश्वाची निर्मिती चमत्कार नाही, आणि पाप्याचं कृपेनं नीतिमान होणंही चमत्कार नाही, असं तो स्पष्ट सांगतो. निर्मितीला दुसरा कर्ताच शक्य नाही, तेव्हा ‘नेहमीच्या क्रमाबाहेर’ कशाच्या म्हणणार? म्हणजे कृपा अलौकिक आहे, पण चमत्कार नाही. उलट आंधळ्याला दृष्टी मिळाली तर ती देण्याची रीत अलौकिक, पण मिळालेली दृष्टी अगदी साधी, तुमच्या-माझ्यासारखी. नंतरच्या धर्मपंडितांनी याला ‘रीतीनं अलौकिक’ आणि ‘स्वरूपानं अलौकिक’ अशी नावं दिली. हा भेद कळला की निम्मे वाद मिटतात.

मराठी शब्दाबद्दल: ‘अलौकिक’ म्हणजे लोकांत न आढळणारं. तो पाहणाऱ्याच्या अनुभवावर बेतलेला शब्द आहे, ऑगस्टीनच्या बाजूचा. ‘अतिनैसर्गिक’ किंवा ‘निसर्गातीत’ वस्तूच्या दर्जावर बेतलेला, फिलिप आणि अक्वायनसच्या बाजूचा. ‘चमत्कार’ मात्र चपखल: आपल्या काव्यशास्त्रात तो विस्मयानं थबकण्याचा शब्द, आणि लॅटिन ‘मिराकुलुम’ही नवल वाटणे या धातूवरूनच.

कामठी_रोड

भाऊ, ‘मध्ययुगातली भाबडी श्रद्धा’ असं मथळ्यात लिहून राहिले न, तर प्राध्यापक तिथंच पकडतील. त्या काळात सगळं एका टोपलीत टाकत नव्हते. टोपल्या तीन होत्या.

एक, निसर्ग. दोन, निसर्गाच्या वर, फक्त देवाचं. तीन, निसर्गाच्या बाजूचं, लॅटिनमध्ये ‘प्राएतर नातुराम’. या तिसऱ्या टोपलीत लोहचुंबक, दोन डोक्यांचं वासरू, जहाज थांबवतो अशी ख्याती असलेला मासा, देवदूतांचे आणि सैतानाचे खेळ, सगळं. गर्व्हेस ऑफ टिलबरी १२१५च्या आसपास ‘मिराकुला’ आणि ‘मिराबिलिया’ वेगळे करतो: पहिले देवाच्या सामर्थ्याचे, दुसरे नैसर्गिकच पण आपल्या समजेपलीकडचे. सैतान कितीही करामती असला तरी तो निर्माण केलेला जीव, म्हणून त्याचं काम निसर्गाच्या मर्यादेतच. चलाख जादूगार, बस. अक्वायनसनंही देवदूताला खऱ्या अर्थानं चमत्कार करता येत नाही असं लिहून ठेवलंय.

आता टोपली चुकली की काय होतं ते पाहा. लियॉनजवळ तेराव्या शतकात लोक संत गिनफोर नावानं एका शिकारी कुत्र्याची भक्ती करत. गोष्ट तुम्हाला पाठ आहे: आपल्या पंचतंत्रातल्या मुंगसाची. बाळाला सापापासून वाचवलं, तोंडाला रक्त दिसलं म्हणून मालकानं मारलं. आयांनी आजारी तान्ह्यांना तिथं आणायचं, दोन झाडांच्या बुंध्यांमधून नऊ वेळा इकडून तिकडे द्यायचं. स्टीफन ऑफ बुर्बों हा डॉमिनिकन तपासनीस तिथं गेला, हाडं उकरून जाळली, झाडं तोडवली. त्याचा मुद्दा ‘कुत्रा कसा बरं करेल’ एवढाच नव्हता. हे तिसऱ्या टोपलीतलं सैतानी फसवणुकीचं काम आहे आणि लोक ते दुसऱ्या टोपलीत टाकून राहिले, ही त्याची तक्रार. वर तान्ही पोरं तिथं दगावत होती.

दुसरं उदाहरण याहून कामाचं, कारण त्याला मराठी जोड आहे. तापल्या लोखंडाचा न्याय. आरोपीनं लाल लोखंड हातात घेऊन काही पावलं चालायचं, हात बांधून मोहोर लावायची, तिसऱ्या दिवशी सोडायचा. जखम स्वच्छ भरत असेल तर निर्दोष, चिघळली तर दोषी. थंड पाण्यात सोडलं आणि बुडाला तर निर्दोष, कारण आशीर्वादित पाण्यानं त्याला पोटात घेतलं. तरंगला तर दोषी. आपल्याकडे मराठेशाहीत ‘रवादिव्य’ होतं, उकळत्या तेलतुपातून धातूचा तुकडा काढायचा आणि हात बांधून मोहोर करायची. ‘दिव्य करणे’ हा शब्दप्रयोग असल्या दिव्यांतूनच आला. श्रोत्यांना हे सांगितलं की पुढचं आपोआप कळतं.

युरोपात ते बंद पडलं कसं? विज्ञानानं नाही, धर्मशास्त्रानं. पॅरिसचा पीटर द चान्टर (मृत्यू ११९७) आणि त्याचे शिष्य म्हणू लागले की हा देवाला कामाला लावण्याचा प्रकार आहे: आपण तारीख ठरवायची आणि देवानं त्या दिवशी चमत्कार करायचा. ही देवाची परीक्षा पाहणं झालं. १२१५च्या चौथ्या लॅटरन परिषदेच्या १८व्या नियमानं धर्मगुरूंना असल्या लोखंडावर-पाण्यावर आशीर्वाद द्यायला मनाई केली. आशीर्वाद नाही तर दिव्याला अर्थच नाही. इंग्लंडला १२१९ मध्ये न्यायाधीशांना दुसरी सोय बघायला सांगावं लागलं, आणि तिथून पंचांच्या (ज्यूरीच्या) निवाड्याला जोर आला.

टेकडीवरचा

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर. चर्चच्या तपासणीचे तीन वेगळे रस्ते आहेत आणि लोक ते हमखास मिसळतात.

पहिला, संतपदासाठीचा. तेराव्या शतकापासून पोपचे आयुक्त साक्षीदारांना ठरीव प्रश्न विचारत: तुला कसं कळलं, कोणत्या महिन्यात, कोण हजर होतं, कोणते शब्द उच्चारून प्रार्थना केली, औषधी वनस्पती किंवा खडे वापरले का, नंतर किती दिवस बरं राहिलं. १३०७ मध्ये हेरफर्डचा बिशप टॉमस कँटिलूप याच्या चौकशीत, १२९० मध्ये स्वान्सीला फाशी देऊन पुन्हा जिवंत झालेल्या एका माणसाबद्दल नऊ साक्षी झाल्या. त्यात तो स्वतःही होता. भाबडेपणाचा मुद्दा इथंच निकालात निघतो.

पुढे प्रोस्पेरो लाम्बेर्तिनी, म्हणजे नंतरचा पोप चौदावा बेनेडिक्ट, १७३४ ते १७३८ दरम्यान मोठा ग्रंथ लिहून बरं होण्याच्या कसोट्या घालतो. आजार गंभीर आणि बरा व्हायला अशक्य किंवा फार अवघड असावा. तो आपणहून उतरणीला लागलेला नसावा. औषध दिलेलं नसावं, किंवा दिलं तरी लागू पडलेलं नसावं. बरं होणं अचानक असावं. पूर्ण असावं. त्याआधी शरीरात आपोआप होणारा मोठा उतार, स्राव वगैरे झालेला नसावा. आणि आजार परतू नये. आजच्या काळात प्रकरणं तिसऱ्या, म्हणजे औषधाच्या अटीवर फुटतात, कारण आता औषध न घेतलेला गंभीर रुग्ण सापडतो कुठे? मदर तेरेसांच्या २००३च्या ‘धन्य’ (संतपदाआधीची पायरी) घोषणेमागचं बंगालमधलं १९९८चं प्रकरण आठवा. औषधांनीच गुण आला असं उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी म्हटलं आणि वाद नेमका तिथंच अडला. सातवी अट रक्ताच्या कर्करोगासारख्या आजारात त्रास देते, कारण उलटण्याची शक्यता संपेपर्यंत वर्षानुवर्षं थांबावं लागतं.

कामाचा क्रम असा: आधी स्थानिक बिशप साक्षी आणि दवाखान्याचे कागद जमवतो, बरी झालेली व्यक्ती हयात असेल तर दोन डॉक्टर तिला स्वतंत्रपणे तपासतात, मोहोरबंद कागद रोमला जातात. तिथं वैद्यकीय मंडळ. २०१६च्या नियमावलीनुसार सातांपैकी किमान पाच, किंवा सहा हजर असतील तर चार मतं लागतात, आणि एकच प्रकरण तीनपेक्षा जास्त वेळा मांडता येत नाही. डॉक्टर ‘चमत्कार’ हा शब्द उच्चारतच नाहीत. ‘आजच्या वैद्यकीय ज्ञानानं उलगडत नाही’ एवढंच. मग धर्मपंडित पाहतात की प्रार्थना त्याच व्यक्तीकडे केली होती का आणि बरं होण्याशी तिचा संबंध लागतो का. इथंही प्रकरणं पडतात: घरच्यांनी पाच संतांना साकडं घातलेलं असतं, श्रेय कुणाला द्यायचं? त्यानंतर कार्डिनल, शेवटी पोप.

सध्या ‘धन्य’ पदासाठी एक आणि संतपदासाठी आणखी एक चमत्कार लागतो. जुन्या पद्धतीत आकडा मोठा होता, १९८३च्या सुधारणेनंतर घटला. रक्तसाक्षींना, म्हणजे श्रद्धेसाठी जीव दिलेल्यांना, पहिला लागत नाही. वसईचे गोन्सालो गार्सिया हे महाराष्ट्रातलं उदाहरण: ५ फेब्रुवारी १५९७ला नागासाकीत क्रुसावर मृत्यू, १६२७ला धन्य, १८६२ला संत.

दुसरा रस्ता फ्रान्समधल्या लूर्द या तीर्थस्थानाचा. १८५८ मध्ये तिथं मरियेची १८ दर्शनं, १८८३ पासून तिथं वैद्यकीय नोंदणी कार्यालय. बरं झाल्याचे सुमारे ७,००० दावे नोंदले गेले, त्यांतले २०१८ पर्यंत ७० मान्य झाले. निर्णय त्या रुग्णाच्या गावचा बिशप देतो, लूर्दचा नाही, हे बहुतेकांना माहीत नसतं.

तिसरा, दर्शनं, रडणाऱ्या मूर्ती, संदेश वगैरे. १७ मे २०२४ला रोमनं नवे नियम काढले. बिशप चौकशी समिती नेमतो. तीत किमान एक धर्मपंडित, एक चर्चकायद्याचा जाणकार आणि प्रकरणाच्या स्वरूपानुसार एक तज्ज्ञ. निष्कर्ष सहा प्रकारचे: ‘निहिल ओब्स्तात’ म्हणजे हरकत नाही, इथून सुरू होऊन ‘हे अलौकिक नाही’ या थेट घोषणेपर्यंत; मधले चार सावधगिरीच्या चढत्या पायऱ्या. खरी बातमी आकड्यात नाही. ‘हे अलौकिक आहे’ असं आता बिशपही म्हणणार नाही आणि रोमचं खातंही एरवी म्हणणार नाही. अपवाद फक्त पोपचा. सर्वांत वरचा शेराही ‘अलौकिक’ नसून ‘हरकत नाही’. कारण जुन्या पद्धतीत गोंधळ फार. १९५० नंतर रीतसर निकाली निघालेली प्रकरणं सहापेक्षा जास्त नाहीत असं त्या दस्तऐवजातच म्हटलंय, आणि अॅमस्टरडॅमच्या मरियेच्या दर्शनांच्या प्रकरणात १९७४ला रोमचा नकार, २००२ला बिशपचा होकार, २०२०ला पुन्हा रोमचा नकार असा खेळ झाला.

वाचनकट्टा_धरमपेठ

डोळे उघडले. ‘भाबडी श्रद्धा’ कापली. पण मग नियम मोडण्याची व्याख्या आली कुठून? आणि प्रोटेस्टंट बाजू कुणीच सांगितली नाही.

बर्डीचा_तर्कट

दोन्ही एकदमच सांगतो, कारण त्या गुंतलेल्या आहेत.

निसर्गाचे ‘नियम’ ही भाषा सतराव्या शतकात पक्की झाली: देकार्त, बॉइल, न्यूटन. नियम आला की मोडणं आलं. १७१५-१६ला जर्मन तत्त्वज्ञ लाइबनित्स आणि न्यूटनची बाजू मांडणारा क्लार्क यांचा पत्रव्यवहार झाला. लाइबनित्सची चेष्टा अशी की न्यूटनच्या देवाला आपलं घड्याळ अधूनमधून किल्ली देऊन दुरुस्त करावं लागतं, म्हणजे कारागीर कच्चा. ह्यूम १७४८ला चमत्काराची व्याख्या निसर्गनियमाचं उल्लंघन अशी करतो, आणि तळटीपेत पुरी करतो: देवाच्या विशिष्ट इच्छेनं, किंवा एखाद्या अदृश्य कर्त्याच्या हस्तक्षेपानं झालेलं. त्या ‘किंवा’वर थांबा. वर कामठी_रोड यांनी सांगितलेली दुसरी आणि तिसरी टोपली ह्यूमनं एका वाक्यात एकत्र ओतली. मधली टोपली त्याआधीच फाटत आली होती: चुंबक आणि विचित्र जन्म निसर्गाकडे गेले, उरलेली भुतंखेतं देवाच्या शेजारी जाऊन बसली. आज ‘सुपरनॅचरल’ म्हटलं की हडळ आठवते ती त्यामुळे.

प्रोटेस्टंटांचं असं. प्रोटेस्टंट सुधारक कॅल्विनला १५३६ मध्ये कॅथलिक विचारत होते, तुमच्या शिकवणीला चमत्कारांचा दाखला कुठंय? त्याचं उत्तर: आम्ही नवं शुभवर्तमान आणलेलं नाही, तेव्हा जुन्याचे चमत्कार तेच आमचे. त्यातूनच पुढे ‘प्रेषितांच्या काळानंतर चमत्कार थांबले’ हे मत पक्कं झालं; प्रिन्स्टनच्या वॉरफिल्डनं १९१८ला त्यावर अख्खं पुस्तक लिहिलं. म्हणजे मध्ययुगीन चमत्कारांची सालं काढायचं काम आधी श्रद्धावंतांनी केलं, नास्तिकांनी ती हत्यारं उचलली.

नागपूरकरांसाठी जोड: स्टीफन हिस्लॉप. स्कॉटलंडच्या फ्री चर्चचे मिशनरी, १८४५ला इकडे आले, टाकळी परिसरात जीवाश्म गोळा केले, १८६३ला नदी ओलांडताना बुडून गेले. त्या फ्री चर्चचे पुढारी टॉमस चाल्मर्स यांनी १८३३ला निसर्गातून देव दाखवणारा ग्रंथ लिहिला होता, आणि ह्यूमला साक्षीपुराव्याच्या मुद्द्यावर उत्तरही दिलं होतं. या परंपरेत निसर्गाची नियमबद्धता हाच देवाचा पुरावा. खडक फोडणारा मिशनरी त्यात अजिबात विसंगत नाही.

आणि वॉरफिल्डच्या आधीच महाराष्ट्रात उलटं घडलेलं: १९०५ला केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये पंडिता रमाबाईंच्या मुलींमध्ये आत्म्याच्या वर्षावाची चळवळ उसळली, लॉस एंजेलिसच्या अझुसा स्ट्रीटवरच्या अशाच प्रसिद्ध चळवळीच्या आदल्या वर्षी. पेंटेकॉस्टल (आत्म्याच्या वर्षावावर भर देणाऱ्या पंथांचा) इतिहास अमेरिकेत सुरू झाला असं सांगू नका.

कायद्याचा प्रश्न येणारच, म्हणून: जादूटोणाविरोधी कायदा डिसेंबर २०१३ला आपल्याच हिवाळी अधिवेशनात मंजूर झाला. तथाकथित चमत्कार दाखवून पैसे कमावणं, फसवणं, धाक घालणं हा गुन्हा. दिवंगत संतांच्या चमत्कारांविषयी सांगणं-लिहिणं गुन्ह्यात येत नाही.

टेकडीवरचा

एक दुरुस्ती. लॅटिनचा_नाद यांनी ‘वरची श्रेणी’ म्हटलं ते इतिहास म्हणून बरोबर, पण शिकवताना धोक्याचं. श्रोत्यांच्या मनात लगेच दुमजली घर उभं राहतं: खाली निसर्ग, वर कृपा, मधे जिना.

हा आराखडा अक्वायनसचा भाष्यकार काहेतान (१४६९–१५३४) आणि त्याच्या नंतरच्या भाष्यकारांचा. त्यांचं तत्त्व अ‍ॅरिस्टॉटलचं: जे आपल्या बळावर मिळत नाही त्याची ओढ निसर्ग देत नाही. मग माणसाला देवदर्शनाची स्वाभाविक ओढ कशी असेल? नाही, म्हणून ‘शुद्ध निसर्ग’ आपल्यापुरता पुरा. आंरी द लुबाक या फ्रेंच धर्मपंडितानं १९४६ला ‘सुर्नातुरेल’ लिहून दाखवलं की अक्वायनस असं म्हणतच नाही: माणसाची ओढ आहे देवाचीच, ती पुरी करण्याचं बळ मात्र त्याच्यात नाही, आणि पुरी होणं हे तरीही दानच. विरोधक म्हणाले, ओढ जन्मजात असेल तर देवाला ती पुरवणं भाग, मग दान कसलं? पोपच्या १९५०च्या ‘हुमानी जेनेरिस’ पत्रात हीच धास्ती आहे. लोक म्हणतात त्या पत्रामुळे द लुबाकचं शिकवणं बंद झालं. क्रम उलटा: त्याला जूनमध्येच बाजूला केलं, पत्र आलं १२ ऑगस्टला. १९८३ला तोच कार्डिनल झाला.

पूर्वेच्या ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये हे भांडणच नाही. तिथं ग्रेगरी पालामास (मृत्यू १३५९) देवाचं तत्त्व आणि देवाच्या शक्ती असा भेद करतो. तत्त्व कायम अगम्य, शक्तींत माणूस सहभागी. मजले नाहीतच.

लॅटिनचा_नाद

मान्य. ‘श्रेणी’ शब्द वापरलात तर घराचं चित्र काढू नका.

फजितीची अवतरणं राहिली. ‘हास्यास्पद आहे म्हणून मी विश्वास ठेवतो’ हे तेर्तुलियन या सुरुवातीच्या ख्रिस्ती लेखकाचं वाक्य नाही. ‘ख्रिस्ताच्या देहाविषयी’च्या ५व्या प्रकरणात तो म्हणतो की देवाचा पुत्र मेला हे विश्वासार्ह आहे, कारण ते विसंगत आहे, आणि पुरलेला उठला हे निश्चित आहे, कारण ते अशक्य आहे. ही वक्तृत्वाची खेळी आहे, बुद्धी गुंडाळून ठेवण्याची कबुली नाही. ‘कृपा निसर्गाला नष्ट करत नाही, पूर्ण करते’ हे अक्वायनसचं, पण ते चमत्कारांच्या प्रकरणात नाही. पहिल्या प्रश्नाच्या ८व्या कलमात, धर्मशास्त्रात तर्क वापरावा का या चर्चेत येतं. आणि चेटकिणींबद्दल ‘चर्च कायम मानत आलं’ म्हणू नका. ९०६च्या सुमारास नोंदलेला ‘कॅनन एपिस्कोपी’ हा चर्चचा नियम रात्री डायना देवीबरोबर उडणाऱ्या बायका हा भ्रम आहे असं सांगतो, आणि ११४०च्या सुमारास ग्रातियाननं तो आपल्या कायदासंग्रहात घेतला. ‘चेटकिणींचा हातोडा’ हा चेटकिणी शोधून काढण्याचा प्रसिद्ध ग्रंथ १४८६चा. त्याच्या लेखकांना हा जुना नियम आड येत होता, म्हणून पहिल्याच प्रश्नात त्याच्याशी झटापट करावी लागली.

वाचनकट्टा_धरमपेठ

पहिली संध्याकाळ शब्द आणि कृपा, दुसरी तीन टोपल्या आणि ‘दिव्य’, तिसरी ह्यूम आणि चौकशी, असं करतो. शेवटचं एक: तिसऱ्या टोपलीला मराठीत काय म्हणू?

कामठी_रोड

‘अद्भुत’ म्हणा ना भाऊ. फक्त एक अडचण, मराठी बायबलमध्ये ‘अद्भुते’ देवाच्या कृत्यांना वापरलंय. चर्चची मंडळी समोर असतील तर ‘निसर्गाबाजूचं’ असं सरळ म्हणा आणि फळ्यावर ‘प्राएतर नातुराम’ लिहून ठेवा. ‘अतर्क्य’ नका घेऊ. त्या टोपलीतल्या बऱ्याच गोष्टी त्या काळच्या लोकांनी तर्कानंच उलगडल्या होत्या.